बंड्या बिघडलाय की बंड्याचं दुखतंय?

प्रश्न: मॅडम, आमचा बंड्या आठ वर्षांचा लॅब्रॅडॉर, वजन 42 किलो. आजवर कुणावर साधा गुरगुरलाही नव्हता. गेल्या तीन-चार महिन्यांत काय झालंय कळत नाही. आधी भाचा त्याच्या पाठीवर बसायला गेला तर त्याच्यावर खेकसला. परवा देवघराच्या दारात आडवा झोपला होता, सासूबाई मागून ढकलून उठवायला गेल्या तर गर्रकन वळून त्यांचा हात धरला. ओरखडे उठले, रक्त नाही आलं. डॉक्टरांकडे नेलं तर तिथे नुसता धिंगाणा, चौघांनी धरला, डॉक्टरांनी कमरेला हात लावला तर त्यांच्यावरही झडप. तपासणी नीट झालीच नाही, म्हणाले अ‍ॅग्रेसिव्ह झालाय, ट्रेनर बघा. ट्रेनर म्हणतो हा घरात अल्फा, म्हणजे कळपाचा म्होरक्या झालाय, चोक चेन (ओढली की गळा आवळणारी साखळी) लावा आणि दोन-चार वेळा उताणा पाडून दाबून ठेवा. एरवी उलट हल्ली शांतच असतो, बेल वाजली तरी उठत नाही, गाडीत उडी मारणंही सोडलंय, आम्ही म्हटलं वयाने शहाणा झाला. सासरे म्हणतात कर्जतला ओळखीच्यांच्या फार्महाऊसवर सोडून येऊ. गणपती महिन्यावर आलेत, घर माणसांनी भरणार. बंड्या खरंच बिघडलाय का? – एक वाचक, ठाणे

उत्तर: ताई, बंड्याचं नंतर बोलू, आधी सासूबाईंचा हात. रक्त आलं नाही म्हणून हळद लावून विषय संपवला असेल तर तो संपलेला नाहीये. दात लागून नुसते ओरखडे उठले तरी रेबीजच्या हिशोबात ती लस घ्यायची जखम धरतात, कुत्रा घरचा असो की बाहेरचा. साबण लावून वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवायला हवं होतं, राहिलं असेल तर आत्ताही धुवा आणि आजच त्यांना डॉक्टरांकडे न्या. उशीर झाला म्हणून राहू दे, असं करू नका. बंड्याचं लसीचं कार्ड सोबत ठेवा. चावल्यापासून दहा दिवस तो ठणठणीत राहतो का यावर लक्ष ठेवा आणि ते डॉक्टरांना कळवा, पुढचे डोस घ्यायचे की नाही ते तेच ठरवतील. हे झालं की मग पुढचं वाचा.

आता तुमचं पत्र. तुम्ही सगळ्यात महत्त्वाची गोष्ट जाता जाता लिहून टाकलीय. बेल वाजली तरी उठत नाही, गाडीत उडी मारत नाही, शहाणा झाला. ताई, आठ वर्षांचा लॅब्रॅडॉर बेलला उठत नाही हे शहाणपण नसतं हो. लॅब्रॅडॉर शहाणा होतच नाही, त्याला उठताना काहीतरी होत असतं म्हणून तो उठत नाही. आणि बाकीचे तीन प्रसंग शेजारी शेजारी ठेवून बघा: भाचा पाठीवर बसत होता, सासूबाईंनी मागून ढकललं, डॉक्टरांनी कमरेला हात लावला. तिन्ही वेळा हात मागच्या भागावरच. डोक्यावरून हात फिरवला म्हणून तो कुणावर गेला असं तुमच्या पत्रात एकदाही नाहीये. मला इथे बसून निदान करता येणार नाही, पण पैज लावायची झाली तर मी खुब्यावर, नाहीतर कमरेच्या मणक्यावर लावेन. लॅब्रॅडॉर ही जातच खुब्याच्या सांध्याच्या दुखण्यासाठी बदनाम आहे, त्यात 42 किलो.

माझी निम्मी नोकरी सरकारी पशुवैद्यकीय दवाखान्यात गेली, म्हणजे गाई-म्हशी, शेळ्या, बैल. तिथे येणारा शेतकरी कधीच "हिला ताप आहे" असं म्हणत नाही. तो म्हणतो, काल संध्याकाळपासून रवंथ टाकलाय, वासराला जवळ येऊ देईना, नेहमी पहिली उठते ती आज उठेना. म्हणजे तो सगळं वागणंच सांगत असतो आणि आमचं निम्मं निदान त्यातच होतं. व्यायलेली गाय दोन-तीन दिवसांत खाली बसली, मान वळवून कुशीत घातली, कान गार, की कॅल्शियमची बाटली काढायची. तार खाल्लेल्या गाईचं तर बघण्यासारखं असतं, ती कोपरं बाहेर काढून, पाठ उचलून उभी राहते, चढ चढते पण उतारावरून खाली यायला नको म्हणते, कारण उतरताना पोटातलं सगळं वजन पुढे जातं आणि तार टोचते. हे मशीनमध्ये नाही दिसत, गोठ्यात उभं राहून दिसतं. गंमत म्हणजे हीच माणसं शहरात फ्लॅटमध्ये आली, कुत्रा पाळला, की तोच जनावराचा स्वभाव बदलला तर "बिघडला", "डोक्यावर चढला", "सूड घेतोय". गाय दूध चोरायला लागली तर आपण आधी सड बघतो, कासेला हात लावून बघतो दुखतंय का, आणि कुत्रा गुरगुरला की त्याचे संस्कार काढतो.

इंग्लंडमधल्या लिंकन विद्यापीठातले डॅनियल मिल्स हे प्राण्यांच्या वागणुकीचेच डॉक्टर. वागणूक बिघडली म्हणून त्यांच्याकडे आणि त्यांच्यासारख्या इतर तज्ज्ञांकडे जी कुत्री-मांजरं पाठवली जातात त्यांचा आढावा त्यांनी 2020 मध्ये मांडला. हात राखून अंदाज केला तरी साधारण एक तृतीयांश केसेसमध्ये कुठलं ना कुठलं दुखणं निघतं आणि काही ठिकाणी तर आकडा 80 टक्क्यांच्या जवळ जातो. त्यांचं म्हणणं असं की शंका असेल तर आधी दुखण्याचा उपचार करून बघा, वागणुकीचा उपचार फसेपर्यंत थांबू नका. मी हे अगदी डोळे झाकून मान्य करते.

मग तुमच्या डॉक्टरांना दिसलं कसं नाही? त्यांना मी फार दोष देणार नाही, चौघांनी धरलेल्या कुत्र्यात काय दिसणार. भीतीने अ‍ॅड्रेनॅलिन चढलं की प्राण्याचं दुखणं तात्पुरतं झाकलं जातं. घरी लंगडणारा कुत्रा क्लिनिकच्या फरशीवर चारही पाय टेकून मस्त चालून दाखवतो आणि मालकाला खोट्यात पाडतो, हे रोजचं आहे. वर ठोके वाढलेले, धाप लागलेली, तापमान वाढलेलं, मांजर असेल तर रक्तातली साखरसुद्धा घाबरून इतकी वाढते की डायबेटिस आहे की काय वाटावं. म्हणजे घाबरलेल्या जनावराची तपासणी नुसती अवघड नसते, चुकीची पण असते. म्हणून प्राण्याचं वागणं समजून घेणं हा डॉक्टरकीचा शेवटचा नाजूक भाग वगैरे नाहीये, तपासणीच तिथून सुरू होते. परदेशात सोफिया यिन नावाच्या डॉक्टरने जनावर न दाबता कसं हाताळायचं यावर आयुष्यभर काम केलं, पुढे 2016 पासून अमेरिकेत मार्टी बेकर यांनी "फिअर फ्री" नावाने क्लिनिकवाल्यांना रीतसर ट्रेनिंग द्यायला सुरुवात केली. आपल्याकडे अजूनही बऱ्याच ठिकाणी "ए, पट्टी आण, तोंड बांध, धर घट्ट" एवढंच चालतं. वेळ नसतो, बाहेर दहा जण बसलेले असतात, कंपाउंडर एकच असतो, सगळं खरं, पण आज दाबून धरलेला कुत्रा पुढच्या वेळी दारातूनच आत यायचा नाही.

तर आता करायचं काय. फोन काढा आणि बंड्याचे व्हिडिओ घ्या, तो आपल्या नादात असताना, हाक न मारता. झोपून उठतानाचा तर घ्याच. चांगला कुत्रा मागचे पाय जमिनीला रेटून झटक्यात उठतो, खुबा दुखणारा कुत्रा आधी पुढचे पाय रोवतो, पुढे झुकतो, मागचा भाग ओढून घेतल्यासारखा वर आणतो, एखादवेळी अर्ध्यात थांबतो आणि परत बसतो. बसताना बघा, सरळ बसतो की एका कुशीवर पाय सोडून. जिना चढताना मागचे दोन पाय सशासारखे जोडीने उचलतो का. उठल्यावर पहिली पाच-सहा पावलं आणि दहा मिनिटांनंतरची चाल यात फरक आहे का. शू करताना पाय पूर्वीइतका वर जातो का, आणि तो नेमका कुठल्या फरशीवर झोपतो. तुमच्याकडे व्हिट्रिफाईड टाइल्स असणारच, सगळ्या ठाण्यात त्याच आहेत, त्यावर मोठ्या कुत्र्याचे मागचे पाय फाकतात. ज्याचा खुबा दुखतो त्याला स्वयंपाकघरातून हॉलमध्ये यायचं म्हणजे रोजची परीक्षा. देवघराच्या दारात का झोपतो याचंही उत्तर कदाचित तिथे पायपुसणं आहे इतकं साधं असेल. त्याच्या नेहमीच्या रस्त्यावर रबरी मॅट टाका, जिमची किंवा योगाची जुनी पण चालेल, आणि चारच दिवसांत त्याच्या फिरण्यात फरक पडतो का बघा.

एका वहीत तारीख टाकून लिहा: कधी गुरगुरला, कुणाचा हात कुठे होता, त्याआधी तो झोपला होता का, फिरून आला होता का, पाऊस होता का. रागाच्या आधी काय काय केलं तेही, कारण कुत्रं एकदम चावत नाही. ओठ चाटणं, झोप आलेली नसताना जांभई, तोंड फिरवून डोळ्याचा पांढरा भाग दाखवत बघणं, अंग एकदम ताठ होणं, मग गुरगुर, मग हवेत दात, मग शेवटी हात. आपल्याला फक्त शेवटचं दिसतं. आणि हो, गुरगुरला म्हणून ओरडू नका, मारू तर नकाच. गुरगुरणं म्हणजे तो नीट सांगतोय, लांब राहा. ते सांगणं तुम्ही मारून बंद केलंत तर दुखणं तसंच राहणार आणि पुढच्या वेळी न सांगता चावणार, मग तुम्हीच म्हणणार की काही कारण नसताना चावला.

ट्रेनरला माझा नमस्कार सांगा आणि पैसे चुकते करून मोकळे व्हा. हे अल्फाचं खूळ 1947 साली रुडॉल्फ शेंकेल यांनी पिंजऱ्यात एकत्र ठेवलेल्या लांडग्यांच्या निरीक्षणातून पसरलं, म्हणजे जे लांडगे एकमेकांचे कुणी नव्हते आणि पळूनही जाऊ शकत नव्हते. पुढे डेव्हिड मेक या शास्त्रज्ञाने कॅनडाच्या उत्तरेला एल्समिअर बेटावर मोकळ्या लांडग्यांसोबत उन्हाळेच्या उन्हाळे काढले आणि 1999 मध्ये सरळ लिहिलं की कळप म्हणजे आई, बाप आणि त्यांची पोरं, तिथे गादीसाठी मारामाऱ्या चालत नाहीत. पण आपल्याकडे ट्रेनर लोकांनी ते अजून सोडलं नाही. आणि तुमच्या बाबतीत तर विचार करा, ज्याचा खुबा किंवा कंबर दुखतेय त्याला उताणा पाडून दाबायचं. तो चावेल, आणि मी म्हणेन बरोबर चावला.

परत डॉक्टरकडे जायचं ते असं. आधी फोन करून सांगा की कुत्रा घाबरतो, सकाळची पहिली वेळ द्या, आम्ही गाडीतच थांबतो, आत बोलवाल तेव्हा येतो. व्हिडिओ आणि वही आधी व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवा. डॉक्टरांना स्पष्ट विचारा, येण्याआधी भीती कमी करायचं औषध देता येईल का. गॅबापेंटिन, ट्रॅझोडोन अशी औषधं आदल्या संध्याकाळी आणि मग निघायच्या दोनेक तास आधी देतात, पण डोस त्याच्या वजनावर आणि तब्येतीवर डॉक्टरच ठरवणार, मेडिकलवाल्याला विचारून नाही. पातळ औषध आणाल तर त्यात झायलिटॉल नाही ना ते बघा, माणसाला ते गोडी आणतं, कुत्र्याला विष आहे. नुसतं झोपाळू करणारं औषध पुरत नाही हेही सांगून ठेवते, अंग ढिलं पडतं पण भीती आत तशीच राहते.

टेबलावर चढवू नका, 42 किलोला स्टीलच्या गुळगुळीत टेबलावर चढवणं म्हणजे भांडणाचं आमंत्रण. घरची मॅट न्या, जमिनीवर टाका, तपासणी तिथेच होते. आणि डॉक्टरांना ही सूचना माझ्यातर्फे करा: भूल देऊन एकाच बैठकीत सगळं उरका. खुब्याचा एक्स-रे नीट यायला पाय ताणून ठेवावे लागतात, त्याला भूल लागतेच, मग त्याच वेळी कमरेचाही काढा, कोपरं आणि गुडघे हलवून बघा, कान आत खोलवर बघा, तोंड उघडून वरच्या मोठ्या दाढा बघा. मटणाची नळी चघळायला देता ना? त्या नळीने दाढेचा कपचा उडतो, आत नस उघडी पडते आणि कुत्रं महिनोन्महिने तसंच जेवत राहतं, तुम्हाला कळत नाही. भुलीच्या आधी रक्त होईलच, त्यात लिव्हर, किडनी आणि जोडीला थायरॉईड. तुमच्या क्लिनिकमध्ये एवढी सोय नसेल तर परळचं बैलघोडा हॉस्पिटल तुम्हाला लांब नाही, पशुवैद्यक कॉलेज तिथेच आहे, फक्त सकाळी लवकर निघा.

एक्स-रेमध्ये काही ठळक नाही दिसलं तरी विषय संपत नाही. एक्स-रे आणि दुखणं यांचं प्रमाण जुळतंच असं नाही, फोटोत भयंकर सांधा असलेला कुत्रा उड्या मारतो आणि फोटोत बरा दिसणारा रात्रभर कण्हतो. अशा वेळी डॉक्टर दोन-चार आठवडे वेदनाशामक देऊन बघतात, मेलॉक्सिकॅम किंवा कार्प्रोफेन वगैरे. वही चालूच ठेवायची. बंड्या परत बेलला उठायला लागला, सासूबाईंच्या पायात येऊन पडायला लागला, तर झालं तुमचं निदान. मात्र घरातल्या डब्यातली गोळी अर्धी करून देऊ नका. आयबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक कुत्र्याच्या पोटात अल्सर करतात, किडनी घालवतात. शेजारी मांजर असेल तर त्यांना सांगून ठेवा की पॅरासिटामॉलची एक गोळी मांजराचा जीव घेऊ शकते. (डायक्लोफेनॅक जनावरांसाठी आपल्या देशात 2006 पासून बंदच आहे, ते औषध दिलेली मेलेली गुरं खाऊन गिधाडं संपत आली म्हणून.)

वजन. ऐकायला आवडणार नाही माहितीये. नर लॅब्रॅडॉर साधारण 30 ते 36 किलोत असावा. अमेरिकेत 48 लॅब्रॅडॉरच्या 24 जोड्या लावून जोडीतल्या एकाला पोटभर आणि दुसऱ्याला त्यापेक्षा 25 टक्के कमी असं जन्मभर खायला घालून बघितलं, 2002 साली ते छापून आलं. कमी खाणारे साधारण 13 वर्षं जगले, पोटभरवाले 11.2, आणि कमी खाणाऱ्यांचे सांधेही उशिरा धरले. तेव्हा सासऱ्यांच्या ताटातली तूप लावलेली पोळी आणि चहासोबतची बिस्किटं हा बंड्याचा लाड नाहीये, त्याच्या खुब्यावरचं ओझं आहे, हे त्यांना तुम्ही सांगा किंवा माझं नाव सांगा.

मुसकं, म्हणजे मझल, आत्तापासून सवयीचं करा. मळणीला बैलाला घालायचे तसं जाळीचं घ्या, ज्यात तोंड उघडून धापता येतं, पाणी पिता येतं. ते कापडी घट्ट पट्टीचं नको, त्यात तोंड उघडत नाही आणि आपल्या उकाड्यात कुत्रं पाच मिनिटांत तापतं. पहिले काही दिवस बांधायचंच नाही, आत दही नाहीतर पनीरचा तुकडा ठेवायचा आणि त्याने आपणहून नाक आत घालायचं, बस्स. मग पट्टा नुसता मानेवर टेकवायचा, मग क्षणभर लावून काढायचा. दोन-तीन आठवडे धरून चला. याच काळात दोनदा-तीनदा क्लिनिकला नुसतं जाऊन या, वजनकाट्यावर उभा करा, खाऊ द्या, परत. इंजेक्शन नाही, काही नाही. स्टाफ कुरकुरला तर कुरकुरू दे.

फार्महाऊसचं मला राग येऊ न देता लिहायचंय. पाळलेलं जनावर विनाकारण टाकून देणं 1960 च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यात गुन्हा आहे, पहिल्या वेळचा दंड 10 ते 50 रुपये, वाचून हसू येईल इतका. कायद्याची भीती घालत नाहीये मी. पण दुखणारा कुत्रा अनोळखी ठिकाणी साखळीला बांधला की तो तिथल्या माळ्याला चावणार, माळ्याच्या पोराला चावणार, आणि तिथे त्याला कुणी डॉक्टरकडे नेणार नाही.

गणपतीचं म्हणाल तर महिना आहे, तपासणी आणि औषध सुरू व्हायला पुरे, पण पूर्ण बरं वाटायला पुरे नाही. म्हणून त्या दिवसांत बंड्याची खोली वेगळी, आतली, जिथे ढोल-ताशा कमी ऐकू येतो. मॅट, पाणी, पंखा, दार लावलेलं, आणि बाहेर मोठ्या अक्षरात कागद की उघडू नये, कारण पाहुण्यांतला एखादा काका "मला कुत्री काही करत नाहीत" म्हणत आत जाणारच. पोरांना एकच नियम, झोपलेल्या बंड्याकडे जायचं नाही, लांबून हाक मारायची, आला तर आला. सासूबाईंनाही तेच, दारात झोपला असेल तर मागून ढकलायचं नाही, पुढून नाव घेऊन बोलवायचं, हातात काकडीचा तुकडा धरला तरी चालेल, वजन वाढत नाही. मोदक मात्र कुणीही द्यायचा नाही, एक सुद्धा. आणि आवाजांनी तो थरथरत असेल तर क्लिनिकच्या फोनवर तेही आत्ताच सांगा, त्या दिवसांसाठीचं औषध आगमनाच्या आदल्या रात्री मागितलं तर कुणी देणार नाही.